निकालाची जमाबंदी

सरकारी तिजोरीतून शाळांना मिळणारा पैसा सत्कारणी लागतो की नाही, याची खातरजमा करण्यासाठी इंग्लंडात रॉबर्ट लो यांनी १८६२ साली जी सुधारित संहिता अमलात आणली, तिच्यात सरासरी हजेरीबद्दल मुलामागे ४ शिलिंग आणि वाचन, लेखन, गणित यांच्या परीक्षेबद्दल ८ शिलिंग असा दर बांधलेला होता. एका विषयात मूल नापास झाले की २ शिलिंग ८ पेन्स वजा. मूल म्हणजे जणू साऱ्याचे शेत, आणि तपासनीस म्हणजे आणेवारी ठरवणारा कारकून! कवी मॅथ्यू आर्नल्ड हे स्वतः सरकारी तपासनीस असूनही, अध्यापन यांत्रिक झाल्याची तक्रार त्यांनी आपल्या अधिकृत अहवालांतूनच केली; तरी ही पद्धत मोडीत निघायला १८९० नंतरचे दशक उजाडावे लागले.

आपल्या जिल्हा परिषद शाळांत पगार गुणांवर ठरत नाही, हे खरे. परंतु पायाभूत आणि संकलित चाचण्यांचे गुण ऑनलाइन भरून झाले की केंद्राकेंद्रांची तुलना सुरू होते, आणि मग तीच जमाबंदी निराळ्या दप्तरात उघडते.

परीक्षा नकोच, असे म्हणणाऱ्यांत मी नाही. पाचवीतल्या कित्येक मुलांना दुसरीचा उतारा वाचता येत नाही, हे 'प्रथम' संस्थेच्या 'असर' पाहणीने २००५ पासून वारंवार दाखवले, ते परीक्षा घेऊनच. मात्र ती पाहणी नमुन्यादाखल निवडलेल्या घरी जाऊन, एकेका मुलाला समोर बसवून होते, आणि तिच्यावर ना शाळेचा क्रम ठरतो ना गुरुजींची पत, म्हणून तिच्यासाठी कोणी घोकून घेत नाही.

घोकंपट्टीचा परिणाम मी खेड्यातल्या एका शाळेत, तिसरीच्या वर्गात पाहिला. झाडावर पाच पक्षी होते, आणखी काही आले, एकूण आठ झाले, तर किती आले, असे मी विचारताच पुढच्या बाकावरचा चुणचुणीत मुलगा क्षणाचाही विलंब न लावता म्हणाला, "तेरा!" गुरुजी ओशाळले. त्यांची कसूर म्हणावी तरी कशी? चाचणी आठ दिवसांवर आली होती, आणि फळ्याच्या कोपऱ्यात त्यांनी चौकट आखून सुवाच्य अक्षरांत लिहून ठेवले होते, 'एकूण = बेरीज, उरले = वजाबाकी'; खाली लाल खडूने, 'पुसू नये'.