निर्वासिताची आठवण हाच त्याचा दाखला

ब्रह्मदेशाने १९८२ साली नागरिकत्वाचा कायदा केला आणि आराकानातील बहुसंख्य रोहिंग्या मायभूमीतच परके ठरले. ऑगस्ट २०१७ पासून लष्कराने त्यांची गावे जाळली. सात लाखांहून अधिक माणसे बांगलादेशात गेली. घरदार, कागदपत्रे गेली. उरल्या त्या आठवणी. संयुक्त राष्ट्रांच्या सत्यशोधन मंडळाने त्या नोंदविल्या, आणि २३ जानेवारी २०२० रोजी आंतरराष्ट्रीय न्यायालयाने रोहिंग्यांच्या रक्षणाचा आदेश दिला तेव्हा त्या नोंदी उपयोगी पडल्या.

बंधुभगिनींनो, या द्वेषाला काही चीवरधाऱ्यांनीच खतपाणी घातले, हे आपण बौद्धांनी झाकून ठेवू नये. मैत्री समोरच्याचा धर्म विचारीत नाही. काप्ताई धरणाने उठविलेले चकमा बौद्ध १९६४ साली भारतात आले. त्यांना हुसकावण्याच्या धमक्या आल्या, तेव्हा १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, घटनेच्या २१ व्या कलमाचे संरक्षण नागरिक नसलेल्यासही आहे. चकमांसाठी आपल्याला जो न्याय प्रिय वाटतो, तो रोहिंग्यांना नाकारण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला? त्यांची कहाणी ऐकून घेणे, ती खोटी ठरवू न देणे, हे आपले कर्तव्य होय.