मीटर त्यांचं, पुरावा मात्र आमचा?

मीटर हे यंत्र आहे, त्याला कुणाशी वैर नाही. जेवढं फिरलं तेवढं बिलात आलं. ज्याला पटत नाही त्यानं चूक दाखवून द्यावी आणि तोवर बिल भरावं. वीजबिलाचा वाद निघाला की वितरण कंपनीची बाजू घेणारे हेच सांगतात. ऐकायला सरळ वाटतं. पण हिंगोली जिल्ह्यातल्या सेनगावच्या किंवा औंढ्याच्या एखाद्या घरगुती ग्राहकानं ही चूक दाखवायची तरी कशानं?

मीटरला कंपनीचं सील; त्याला हात लावला तर गुन्हा. रीडिंग घेणारा कंपनीनं नेमलेल्या एजन्सीचा. रीडिंगचा फोटो, मीटरमधून उतरवलेला एमआरआय अहवाल, चाचणीची नोंद, सगळं कंपनीच्या दप्तरात. ग्राहकापाशी जुनी बिलं, आणि घरात दिवे-पंखे किती याची तोंडी मोजदाद. बिल म्हणजे पैशाचा दावा, आणि दावा करणाऱ्यानं तो शाबीत करावा हे भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम १०४ सांगतं. कलम १०९ पुढं जातं: जी गोष्ट एखाद्याच्याच खास माहितीतली, ती शाबीत करण्याचा भार त्याच्यावरच. पूर्वीच्या कायद्यात हीच कलमं १०१ आणि १०६ होती. म्हणजे बिल शाबीत करण्याचा भार कंपनीवर टाका, यात नवं काही मागितलेलं नाही.

आता ‘मीटर खोटं बोलत नाही’ याबद्दल. न बोलो बिचारं; पुष्कळ वादग्रस्त बिलांत त्याला कुणी विचारलेलंच नसतं. बिलावर ‘फॉल्टी’ किंवा ‘लॉक’ असा शेरा पडतो आणि सरासरीचे युनिट लागतात. २०२० च्या टाळेबंदीत तर राज्यभर रीडिंग थांबलं. डिसेंबर ते फेब्रुवारी या थंडीच्या महिन्यांची सरासरी उन्हाळ्याला लावली आणि जूनमध्ये रीडिंग झाल्यावर फरक एकदम बिलात आला. लोक खवळले. तेव्हा महावितरणनं युनिट महिन्यांत कसे वाटले, स्लॅब कसा लावला, हे पडताळून पाहण्याची सोय संकेतस्थळावर केली. चांगलंच केलं. पण गवगवा झाल्यावर जो हिशेब मांडता येतो, तो एकट्या ग्राहकाच्या अर्जावर का मांडता येऊ नये?

चोरीचा आक्षेप मात्र खरा आहे. आकडे टाकले जातात, गावात ते सगळ्यांना दिसतात, आणि त्याचा बोजा प्रामाणिक ग्राहकावर पडतो. म्हणूनच वीज कायदा, २००३ च्या कलम १३५ मध्ये ग्राहकाविरुद्ध गृहीतक आहे. पण ते कधी लागू होतं? चोरीचं साधन जागेवर होतं हे आधी सिद्ध झाल्यावर. जिथं चोरीचा आरोपसुद्धा नाही, नुसता आकड्यांचा वाद आहे, तिथल्या माणसाला चोराहून कमी संरक्षण द्यायचं, हे कुठल्या न्यायात बसतं?

‘भार कंपनीवर टाकला तर कुणी बिलच भरणार नाही’, हेही भय दाखवलं जातं. त्याची तजवीज वीज कायद्याच्याच कलम ५६ मध्ये आहे. मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीनं येणारी रक्कम, यांतली जी कमी असेल ती हरकत नोंदवून भरली, की वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. कंपनी उपाशी राहत नाही.

खरी गंमत शेतीपंपांत आहे. कलम ५५ नं मीटरशिवाय वीज देण्यावर बंदी घालून दोन वर्षांची मुदत दिली होती. तरीही राज्यात लाखो पंप वर्षानुवर्षं बिनमीटरचे राहिले. त्यांचं बिल अश्वशक्तीवर. ऐन रब्बीत डीपी जळो, विहीर आटो, आकडा तोच. दप्तरी तीनचा पंप पाच अश्वशक्तीचा लागला तरी पंप वाहून नेऊन दाखवणार कोण? वीज ग्राहक संघटनेचे प्रताप होगाडे वर्षानुवर्षं सांगत आले, की शेतीचा वापर फुगवून दाखवला जातो आणि गळती त्याखाली झाकली जाते.

२०२४ पासून साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या पंपांची वीज मोफत झाली, तेव्हा हा वाद संपला असं काहींना वाटतं. माझ्या मते तो जास्त बिघडला. बिल आता सरकार भरतं, म्हणजे वसमतला हळद विकणारा आणि हिंगोलीत चहा पिणारा, सगळेच कराच्या रूपानं भरतात. पूर्वी निदान शेतकरी कुरकुरायचा. आता आकडा विचारणाराच उरला नाही.

वीज ग्राहकांविषयीच्या केंद्राच्या नियमांत २०२४ मध्ये झालेल्या दुरुस्तीनं वाट दाखवली आहे. बिल वापराच्या मानानं जुळत नाही अशी तक्रार आली, की कंपनीनं पाच दिवसांत दुसरं मीटर जोडून किमान तीन महिने वापर तपासायचा. तपासाचा भार कंपनीवर, हे इथं स्पष्ट आहे. त्याला एवढंच जोडावं: हरकत नोंदवलेल्या प्रत्येक बिलासोबत रीडिंगचा फोटो, एमआरआय अहवाल आणि मीटरची शेवटची चाचणी कंपनीनं आपणहून द्यावी. दिली नाही, तर हाती असलेला पुरावा दडवणाऱ्याविरुद्ध साक्ष्य अधिनियमाच्या कलम ११९ खाली जे अनुमान काढता येतं, ते तक्रार निवारण मंचानं काढावं आणि बिल सहा महिन्यांच्या सरासरीवर आणावं.