सदरलाही इतिहास आहे!

नागपूरचा इतिहास विचारा, लोक थेट महाल भागात नेतात. गोंड राजा बख्त बुलंद शाह, १७०२, बारा खेडी, मग रघुजी भोसले. बरोबरच आहे. पण आम्हा सदरवाल्यांच्या वाट्याला काय? ‘साहेब लोकांची वस्ती’, एवढंच. त्यातही १८५१चं ऑल सेंट्स चर्च तेवढं पाहुण्यांना दाखवायचं.

सदर छावणीच्या आधाराने वाढलं हे खरं. १८१७ला सीताबर्डीवर अप्पासाहेब भोसले हरले आणि इंग्रज रेसिडेंटचा शब्द चालू लागला. पण छावणीत काय फक्त साहेब राहत होते? १३ जून १८५७च्या रात्री लगतच्या टाकळीतल्या घोडेस्वारांनी उठाव ठरवला होता. शहरातून अग्निफुगे सोडायचे, ही खूण. पायदळाला उठवायला गेलेला दफेदार दिलदार खान पकडला गेला, बेत फसला, आणि तो फासावर गेला. त्याच वेळी महालात भोसले घराण्यातल्या बांकाबाईंनी मात्र इंग्रजांची बाजू धरली. म्हणजे स्वाभिमान महालात आणि गुलामी सदरात, ही आपली सोपी वाटणी त्या रात्रीच मोडते. हे इथल्या किती शाळांत शिकवतात? मला तर शाळेत कोणी सांगितलं नाही, आणि शाळा सदरातलीच होती.

इतिहास असा वगळायलाच हवा असं नाही. माझी भाची इंग्लंडात यॉर्कला असते. रोमन, व्हायकिंग, नॉर्मन, सगळे बाहेरून आलेले राज्यकर्ते. ते शहर प्रत्येकाचा मुक्काम दाखवतं. पण तेही काही जात्याच शहाणं नव्हतं बरं! १८००च्या सुमारास तिथल्या नगरपालिकेलाच तटबंदी पाडायची होती, अडचण होते म्हणून. विल्यम एटी या चित्रकारासारखी माणसं आडवी आली. तरी चार मुख्य वेशींपैकी पुढचा बुरूज शाबूत राहिला तो एकट्या वॉल्मगेटचा.

आमच्याकडे अडचण होते ती पार्किंगची. आधी उड्डाणपूल, मग दुकानांचे काचेचे दर्शनी भाग, आणि जुने बंगले एकेक करून जातात. सगळे वाचवा असं मी म्हणत नाही; काही खरंच मोडकळीला आलेत, मालकाने तरी किती सोसायचं? पण पाटी लावायला काय लागतं? चौकांच्या सुशोभीकरणाला महापालिकेकडे पैसे असतात. त्यातलेच थोडे इकडे वळवा. पहिली पाटी चर्चपाशी नको, टाकळीला लावा. दिलदार खानाच्या नावाची. आणि बांकाबाईंचंही त्यावर लिहा, लपवू नका.