भाजीची गाडी उचलून नेली तर?

बुलढाणा जिल्ह्यातून एका भगिनीचं पत्र आलं आहे. यजमान हातगाडीवर भाजी विकतात. एका सकाळी अतिक्रमण हटवणारे आले आणि मेथी, पालक, सांबार (पुण्या-मुंबईच्या भगिनींनो, आपली कोथिंबीर हो!) सगळं उचलून घेऊन गेले. यजमान तीन दिवस खेपा घालत राहिले. चौथ्या दिवशी माल मिळाला, तो गुरांपुढे टाकायच्या लायकीचाही नव्हता. अडत्याचे उधारीचे पैसे मात्र द्यावेच लागले. "आता काही करता येईल का?" असं त्या विचारतात.

ताई, गेलेली मेथी काही परत येणार नाही. पण पुन्हा अशी वेळ आली तर काय करायचं, ते आज समजून घ्या.

पथविक्रेत्यांसाठी २०१४ साली केंद्राचा स्वतंत्र कायदा झाला. त्याचं कलम १९ तुमच्या कामाचं. टिकाऊ माल असेल तर मागणी केल्यापासून कामाच्या दोन दिवसांत आणि नाशवंत माल असेल तर मागणी केली त्याच दिवशी तो सोडला पाहिजे, असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे. योजनेत ठरलेली फी भरावी लागते, तिची पावती घ्यावी. आता गोम बघा. दिवस मोजायचा तो माल उचलल्यापासून नाही, मागणी केल्यापासून! तुमच्या यजमानांनी तीन दिवस हात जोडले, साहेबांची वाट पाहिली, पण कागद एकही दिला नाही. तोंडी विनवणीची नोंद कोण ठेवतं?

दुसरी गोष्ट यादीची. माल जप्त करताना त्याची यादी करून, जप्त करणाऱ्या अधिकाऱ्याच्या सहीनिशी तिची प्रत विक्रेत्याला द्यायची असते. ती मागून घ्या. त्या धांदलीत सुचत नाही खरं, पण किती जुड्या गेल्या हे नंतर कशावरून दाखवणार? दिली नाहीच, तर अडत्याची त्या दिवसाची चिठ्ठी जपून ठेवा.

मुळात माल उचलण्याआधीही नियम आहेत. प्रमाणपत्रात दिलेल्या जागेवरून विक्रेत्याला हलवायचं तर तीस दिवसांची नोटीस लागते. "आमच्याकडे प्रमाणपत्रच नाही," असं पुष्कळजणी म्हणतील. तर विक्रेत्यांची पाहणी पुरी होऊन सगळ्यांना प्रमाणपत्रं मिळेपर्यंत कोणाला हटवू नये, असंही हाच कायदा सांगतो. म्हणून पाहणीत नाव लागलं आहे ना, ते नगरपरिषदेत जाऊन बघा. शहराच्या पथविक्री समितीवर निदान चाळीस टक्के सदस्य विक्रेत्यांचे असतात आणि त्यांतल्या एक तृतीयांश जागा बायकांच्या. तिथे आपली एखादी बाई बसलेली असली की बराच फरक पडतो, बरं का!

पोलिसांनी एखाद्या गुन्ह्यात माल जप्त केला असेल तर वाट निराळी. मग अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करायचा. माल सडण्याजोगा असेल तर तो विकून पैसे ठेवण्याचा हुकूम न्यायालय देऊ शकतं. यासाठी वकील गाठावा.

नासलेल्या मालाची भरपाई किती, याचा आकडा पथविक्रेता कायद्यात नाही. ही त्याची उणीवच म्हणायची. तरी तक्रार करता येते. त्यासाठी माजी न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखाली तक्रार निवारण समिती नेमण्याची तरतूद आहे. हायकोर्टाची नागपूरची पायरीही आहे, पण चार जुड्यांसाठी तिथवर कोण जाणार?

अर्ज मात्र घरातल्या कोणालाही लिहिता येईल, वहीच्या पानावरही चालेल:

"आज सकाळी अमुक वाजता अमुक ठिकाणाहून माझा खालील भाजीपाला जप्त केला. माल नाशवंत आहे. पथविक्रेता कायदा २०१४, कलम १९ प्रमाणे तो आजच परत मिळावा."

खाली मालाची यादी, तारीख, वेळ, सही. दोन प्रती करा. एक नगरपरिषदेच्या आवक टेबलावर द्या, दुसरीवर शिक्का आणि वेळ घालून घ्या. दुपारच्या जेवणाची सुट्टी व्हायच्या आत पोचा.