कापूस उपटणाऱ्या हातांचा वारसा

१ नोव्हेंबर २०२३ रोजी जर्मनीचे राष्ट्राध्यक्ष फ्रँक-वॉल्टर श्टाइनमायर टांझानियाच्या दक्षिणेकडील सोंगेआ या शहरात गेले. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी जर्मन सैन्याने तिथे न्गोनी सरदारांना फासावर लटकवले होते. श्टाइनमायर यांनी तिथे आपल्या देशाच्या वतीने क्षमा मागितली. फाशी गेलेल्या सोंगेआ म्बानो या सरदाराच्या वंशजांनाही ते भेटले. फाशीनंतर आपल्या पूर्वजाचे शिर कापून जर्मनीला नेले, असे हे कुटुंब पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहे. ते परत मिळावे, एवढीच त्यांची मागणी आहे.

ज्या उठावासाठी ही क्षमा मागितली गेली, त्याचे नाव आपल्याकडे फार थोड्यांनी ऐकले असेल. त्याला ‘माजी माजी’ म्हणतात. मराठीत माजी म्हणजे पूर्वीचा, स्वाहिली भाषेत मात्र माजी म्हणजे पाणी. १९०५ ते १९०७ या काळात तेव्हाच्या जर्मन पूर्व आफ्रिकेतले, म्हणजे आजच्या टांझानियातले शेतकरी जर्मन सत्तेविरुद्ध उठले. आफ्रिकेतल्या सर्वात मोठ्या वसाहतविरोधी उठावांपैकी हा एक. तो नेमका कुणाचा होता आणि कशासाठी होता, यावर गेली शंभर वर्षे वाद चालू आहे. त्या वादातून आपल्याला शिकण्यासारखे बरेच आहे, म्हणून या अंकात त्यावर लिहीत आहोत.

कापसाची सक्ती

उठावाचे मूळ कारण साधे होते. जर्मनीच्या कापड गिरण्यांना स्वस्त कापूस हवा होता. आधी झोपडीपट्टी आली. झोपडीपट्टी म्हणजे इथे प्रत्येक झोपडीमागे द्यावा लागणारा कर. हा कर भरायचा तर रोख पैसा हवा, म्हणजे गोऱ्यांच्या मळ्यावर किंवा रस्त्याच्या कामावर राबणे आले. १९०२ पासून गव्हर्नर गोट्झेन याच्या राजवटीत दक्षिण भागातल्या गावांवर सामूहिक कापूसशेती लादली गेली. गावच्या मुखियाच्या, म्हणजे ‘जुम्बे’च्या देखरेखीखाली एक मोठे शेत करायचे आणि गावाने त्यावर राबायचे. स्वतःच्या धान्याला वेळ द्यायचा, नेमक्या त्याच दिवसांत हे काम येई. मोबदला इतका तुटपुंजा होता की काहींनी तो घेण्याचेच नाकारले. जो कामात मागे पडेल त्याच्या पाठीवर पाणघोड्याच्या कातड्याचा चाबूक, ‘किबोको’, बसत असे.

त्यातच शिकारीवर निर्बंध आले. थॅडियस सुन्सेरी या इतिहासकाराने दाखवून दिले आहे की, शिकार थांबल्यामुळे रानडुकरे माजली आणि पिके फस्त करू लागली. पुरुष सक्तीच्या कामावर गेले, की शेत राखण्याचा भार बायकांवर पडे. म्हणजे कापसाचा मार थेट घरातल्या चुलीपर्यंत पोहोचला होता.

जुलै १९०५ मध्ये मातुम्बी टेकड्यांतल्या नान्देते या गावी लोकांनी सरकारी शेतातली कापसाची रोपे उपटून टाकली. तिथून उठाव सुरू झाला.

पाणी

त्याच्या आदल्या वर्षी न्गारांबे या गावात किंजिकितिले न्ग्वाले नावाचा एक माणूस पुढे आला होता. आपल्या अंगात ‘होंगो’ या शक्तीचा संचार होतो, असे तो सांगे. त्याने दिलेले मंतरलेले पाणी घेतले की जर्मनांच्या गोळ्यांचे पाणी होईल, अशी लोकांची श्रद्धा बसली. वेगवेगळ्या टोळ्यांचे, एकमेकांशी कधी न पटलेले लोक त्याच्याकडे जाऊ लागले. ४ ऑगस्ट १९०५ रोजी, उठाव पेटल्यानंतर अवघ्या काही दिवसांत, जर्मनांनी त्याला मोहोरो इथे फाशी दिली. पण तोवर पाणी घेऊन जाणारे लोक दूरदूर पोहोचले होते.

३० ऑगस्टला माहेंगे इथल्या जर्मन ठाण्यावर हजारो लोक चालून गेले. समोर मशीनगन होत्या. गोळ्यांचे पाणी झाले नाही. माणसे रांगेने पडत गेली.

हे स्पष्टपणे सांगितले पाहिजे. पाण्यावरच्या विश्वासाने हजारो माणसांचा जीव घेतला. उठावाचे कौतुक करताना ही गोष्ट झाकून ठेवणे मेलेल्यांशी प्रामाणिक नाही. पण तेवढ्यावरून ‘अंधश्रद्ध जंगली लोकांचे बंड’ असा निकाल देणे हा त्याहून मोठा अप्रामाणिकपणा आहे, कारण हा निकाल जर्मनांनीच दिला होता. गव्हर्नर गोट्झेनने पुढे या उठावावर पुस्तक लिहिले आणि दोष ‘जादूगारां’वर टाकला. कापूस, कर आणि चाबूक यांचा हिशोब द्यावा लागू नये, यासाठी जादूटोण्याची गोष्ट सोयीची होती. पाण्याने लोकांना राग दिला नाही. राग आधीच होता. वेगवेगळ्या भाषा आणि देवदैवते असलेल्या लोकांना एकत्र यायला जो धागा हवा होता, तो पाण्याने दिला.

एब्राहिम हुसैन या स्वाहिली नाटककाराने १९६९ मध्ये ‘किंजेकेतिले’ हे नाटक लिहिले. त्यातला नायक स्वतःच शंकेत आहे. लोक आपल्या एकीवर विसंबण्याऐवजी पाण्यावर विसंबतील, ही त्याला भीती आहे. शेवटी ‘पाणी खोटे होते असे म्हण’ असा दबाव येतो, तेव्हा तो नकार देतो. त्याच्या तोंडून ते शब्द गेले, तर लढणेच खोटे होते असे पुढच्या पिढ्यांना सांगितले जाईल, हे त्याला कळते. श्रद्धेची चिकित्सा करावी आणि तिच्यामागच्या न्यायाच्या मागणीचा मानही राखावा, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी करता येतात, हे या नाटकात दिसते.

उपासमारीचे हत्यार

रानात पसरलेला उठाव मशीनगनने संपत नाही, हे लक्षात आल्यावर जर्मन अधिकाऱ्यांनी गावे जाळली, धान्याची कोठारे लुटली किंवा पेटवली, उभी पिके उद्ध्वस्त केली. भूक हेच हत्यार ठरवले गेले. जर्मन बाजूने १५ युरोपीय आणि ३८९ आफ्रिकी सैनिक मेल्याची नोंद आहे. दुसऱ्या बाजूचा जर्मनांचा स्वतःचा आकडा ७५ हजारांचा होता. टांझानियाचे इतिहासकार गिल्बर्ट ग्वासा यांच्या अंदाजानुसार तो अडीच ते तीन लाखांवर जातो. यातले बहुतेक लोक लढाईत नव्हे, तर उपाशी मेले. कितीतरी गावे ओस पडली. शेतांवर रान चढले आणि माणसांच्या जागी हत्ती व त्से-त्से माशी आली.

२७ फेब्रुवारी १९०६ रोजी सोंगेआत न्गोनी सरदारांना सामूहिक फाशी देण्यात आली. मरणापूर्वी त्यांतल्या अनेकांचा मिशनऱ्याने बाप्तिस्मा केला. टांझानियात आजही हा दिवस पाळला जातो.

कोण कुणाच्या बाजूने?

आमच्या वाचकांना एक गोष्ट विशेष सांगायची आहे. खेड्यांत जर्मनांचा हुकूम चालवणारे अंमलदार होते, त्यांना ‘अकिदा’ म्हणत. आपल्या ओळखीच्या ‘अकीदा’ शब्दाशी नाव जुळले, तरी इथे त्याचा अर्थ श्रद्धा नाही, अधिकारी असा आहे. हे अकिदा बहुतेक किनारपट्टीवरचे अरब आणि स्वाहिली मुसलमान होते. लिहिता-वाचता येई, म्हणून जर्मनांनी त्यांना कामाला ठेवले. कर वसूल करणे, कापसावर देखरेख ठेवणे आणि चाबूक चालवणे हे त्यांचे काम. जर्मन सैन्यातल्या ‘अस्करी’ शिपायांतही सुदानी आणि इतर मुसलमान मोठ्या संख्येने होते. म्हणून उठाव करणाऱ्यांचा पहिला राग अकिदांच्या घरांवर आणि किनाऱ्याजवळच्या समंगा इथल्या आशियाई व्यापाऱ्यांच्या वस्तीवर निघाला. गोरा अधिकारी दूर ठाण्यात बसलेला असे. गावकऱ्याला रोज दिसे तो अकिदा आणि दुकानदार.

आणि याच उठावात लिवाले भागात अब्दल्ला मपांडा नावाचा पुढारी जर्मनांशी लढत होता. गावोगावचे मुसलमान जुम्बे दोन्ही बाजूंना होते. हेहे लोकांनी मक्वावाच्या नेतृत्वाखाली १८९८ पर्यंत जर्मनांशी झुंज दिली होती, पण ते यावेळी उठावात उतरले नाहीत. त्यांच्यातले काही तर जर्मनांच्या बाजूने लढले. न्गोनी शूरपणे लढले हे खरे, आणि त्याआधी काही दशके त्यांनी शेजाऱ्यांवर धाडी घालून माणसे पळवली होती, हेही खरे.

इतिहासाकडे जाताना आपण अनेकदा आधी ‘आपले’ कोण ते शोधतो. कुणी आपल्याला विचारते, तुमचे लोक तेव्हा कुठे होते? आणि आपणही घाईघाईने अभिमानाची नावे पुढे करतो. माजी माजीत हा प्रश्न लावून पाहा. चाबूक धरणारा अकिदा आपला की अब्दल्ला मपांडा आपला? नावावरून पाहिले तर दोघेही. म्हणून नावावरून पाहणे थांबवले पाहिजे. कोण राबत होते, कोण राबवून घेत होते आणि त्याचा फायदा कुणाला मिळत होता, हे विचारले की उत्तर स्पष्ट होते. अकिदाचे कृत्य धर्मामुळे क्षम्य ठरत नाही आणि त्याच्या धर्मामुळे साऱ्या समाजाचा गुन्हाही ठरत नाही.

वारसा कुणाचा?

१९५० च्या दशकात ज्युलियस न्यरेरे यांचा ‘टानू’ पक्ष स्वातंत्र्याची मागणी घेऊन दक्षिणेकडे गेला, तेव्हा म्हाताऱ्या माणसांना माजी माजीचीच आठवण झाली. पुन्हा तोच विनाश होईल का, अशी भीती त्यांना होती. आपला मार्ग शांततेचा आहे, हे टानूला पटवून द्यावे लागले. त्याच वेळी परकीयांविरुद्ध सगळ्या टोळ्यांनी मिळून केलेला पहिला लढा, अशी माजी माजीची नवी ओळख पक्षाने घडवली. १९६१ मध्ये स्वातंत्र्य मिळाल्यावर तीच ओळख शाळेच्या पुस्तकांत गेली. १९६८ मध्ये दार-एस-सलाम विद्यापीठाच्या विद्यार्थ्यांनी गावोगाव फिरून वृद्धांच्या आठवणी टिपल्या. मोठे मोलाचे काम होते ते.

पुढच्या पिढीतल्या संशोधकांनी मात्र या चित्रावर प्रश्न उभे केले. सगळीकडे कारण एकच नव्हते, कुठे कापूस, कुठे हस्तिदंताचा व्यापार, कुठे शेजाऱ्याशी जुने वैर. सगळ्यांनी एका राष्ट्रासाठी शस्त्र उचलले असे म्हणणे नंतरच्या काळाचे रंग आधीच्या काळावर चढवणे आहे, असे त्यांचे म्हणणे. यात आठवणींची भांडणेही आहेत. मोठे संग्रहालय सोंगेआत आहे आणि तिथे न्गोनी सरदारांचा मान मोठा आहे. पण पहिले रोप उपटले गेले ते नान्देतेत, नावे न उरलेल्या शेतकऱ्यांच्या हातांनी.

हे प्रश्न विचारल्याने उठाव लहान होतो, असे आम्हाला वाटत नाही. लढणारे सगळे एका विचाराचे, एका जातीचे, निर्मळ असल्याशिवाय त्यांचा लढा न्याय्य ठरत नाही, ही अट कुठल्याच लढ्याने पूर्ण केलेली नाही. ती अट घातली की एका बाजूला खोट्या गौरवगाथा लिहाव्या लागतात आणि दुसऱ्या बाजूला त्या गाथेतला एक डाग दाखवून सारा लढाच रद्द करणारे तयार होतात. सक्तीच्या कापसाला नाही म्हणणारा शेतकरी बरोबर होता. तो शेजाऱ्याशी भांडत असला, मंतरलेल्या पाण्यावर विसंबत असला, तरीही बरोबर होता.

क्षमेपुढचा हिशोब अजून बाकी आहे. बर्लिनच्या संग्रहालयांच्या साठ्यात पूर्व आफ्रिकेतून नेलेल्या हजाराहून अधिक कवट्यांचा अभ्यास झाला. त्यांतल्या सुमारे दोनशे आजच्या टांझानियातल्या आहेत. मक्वावाची कवटी परत करावी असे १९१९ च्या व्हर्सायच्या तहातच लिहिले होते, तरी ती १९५४ मध्ये परत आली. २०१७ मध्ये टांझानियाच्या संसदेत सरकारने नुकसानभरपाई मागण्याचा विचार असल्याचे सांगितले. ती अजून मिळालेली नाही. शब्दांनी मागितलेली क्षमा चांगलीच, पण जाळलेल्या कोठारांची किंमत शब्दांत भरून निघत नाही.

तरुण वाचकांना आमची विनंती एवढीच आहे. कुठल्याही उठावाची गोष्ट ऐकाल, आपल्या देशातल्या किंवा दूरच्या, तेव्हा पुढाऱ्याचे नाव आणि धर्म विचारण्याआधी शेतात काय पिकत होते, ते कुणी ठरवले होते आणि पोट कुणाचे रिकामे राहिले, हे विचारा. आपल्या बाजूच्या माणसाने चाबूक धरला असेल तर तेही लिहून ठेवा. इतिहासातला आपला वाटा असा मागितला, तरच तो कुणाला नाकारता येणार नाही.