चमकणाऱ्या माशाचं लाईट बिल

काल्पनिक जगातला मासा चमकतो, कारण चमकला की भारी दिसतो. बस्स! याहून जास्त कारण कोणी देतच नाही. गेम घ्या, कार्टून घ्या, आणि २००९ च्या 'अवतार'नंतर तर विचारूच नका. रात्र झाली की झाडं, प्राणी, पायाखालची जमीनसुद्धा उजळते. आमच्या विंगमधली मंडळी सध्या एक गेम बनवतायत. त्यातल्या जंगलात एक तळं आहे आणि तळ्यात 'चांदणमासा' नावाची जात. सोनेरी उजेड, रात्रभर चालू. मी विचारलं, का चमकतो? उत्तर आलं, "फँटसी आहे राव, तू काय व्हायवा घेतोयस?"

मला हे उत्तर पटलेलं नाही, म्हणून हे भांडण आता छापील.

पहिली गोष्ट, उजेड फुकट मिळत नाही. माशाच्या (किंवा त्याच्या अंगात मुक्कामाला असलेल्या जिवाणूंच्या) शरीरात ल्युसिफेरिन नावाच्या द्रव्याचा ऑक्सिजनशी संयोग होतो, ल्युसिफरेज हे एन्झाइम ते घडवून आणतं आणि प्रकाश बाहेर पडतो. उष्णता जवळजवळ नाहीच. थर्मोच्या सरांना आवडावा असा दिवा! पण त्याचं बिल शेवटी खाण्यातूनच भरावं लागतं. दुसरी गोष्ट जास्त गंभीर आहे. रात्री बारानंतर कॉरिडॉरमध्ये मोबाईलचा टॉर्च लावून हिंडणाऱ्याला रेक्टर दिसायच्या आधी तो रेक्टरना दिसतो. माशाचंही तेच. जो चमकतो तो सापडतो. तेव्हा चमकण्यात या धोक्याहून मोठा फायदा हवा.

खऱ्या समुद्रातल्या माशांनी यावर काढलेल्या युक्त्या बघितल्या की आमचे गेमवाले फारच गरीब वाटतात. फ्लॅशलाईट फिश नावाचे मासे आहेत. त्यांच्या डोळ्याखाली चमकणाऱ्या जिवाणूंनी भरलेली पिशवी असते. आता जिवाणूंना काही स्विच नसतो, ते आपले चालूच. मग फोटोब्लेफॅरॉन या माशाने पापणीसारखा एक काळा पडदा बसवून घेतला, खालून वर ओढला की अंधार. त्याचाच भाऊबंद अनोमालॉप्स मात्र अख्खा दिवाच आत फिरवून घेतो. प्रॉब्लेम एक, मेकॅनिझम दोन! हॅचेटफिशचे दिवे पोटाखाली असतात. खालून बघणाऱ्या शिकाऱ्याला वरच्या मंद उजेडावर तिची काळी आकृती दिसू नये म्हणून. म्हणजे लपण्यासाठी चमकायचं. आणि मॅलाकॉस्टियस तर माझा लाडका. खोल पाण्यातल्या बहुतेक जिवांना लाल रंग दिसत नाही. हा पठ्ठ्या लाल दिवा घेऊन हिंडतो आणि त्याला स्वतःला तो लाल दिसतो. बिचाऱ्या भक्ष्याला आपल्यावर बॅटरी मारलीय याचा पत्ताच नाही. (अँगलरफिश 'फाइंडिंग निमो'मुळे सगळ्यांना माहीत आहे, त्याबद्दल लिहीत नाही. फक्त एवढंच, आमिषाचा तो दिवा मादीकडेच असतो.)

हे सगळे समुद्रातले. गोड्या पाण्यात स्वतःच्या उजेडाने चमकणारा एकही मासा अजून सापडलेला नाही. न्यूझीलंडच्या ओढ्यांमध्ये एक चमकणारी गोगलगाय आहे, पण ती गोगलगाय. आणि आमचा चांदणमासा तळ्यात!

म्हणून त्याला गेममधून काढून टाका असं मी म्हणत नाही. उलट इथेच खरी गंमत आहे. त्या तळ्यात दिवा का लागला, याचं उत्तर त्या जगातच शोधा. तिथली रात्र सहा महिन्यांची आहे का? माशाला खाणारं कोण आहे? ते आंधळं असेल तर गोष्ट तिथूनच सुरू होते.

"असल्या प्रश्नांनी मजा जाते" हा आमच्या रूममेटचा मुद्दा. त्याने ज्यूल व्हर्न वाचावा (भा. रा. भागवतांनी तो मराठीत आणला, लायब्ररीत बघा). १८७० च्या सुमाराच्या त्या पाणबुडीच्या कादंबरीत रात्री पाण्याखाली काहीतरी लखलखतं. हा उजेड विजेचा आहे, असं जहाजावरचा प्राध्यापक तिथल्या तिथे सांगतो, आणि तो राक्षसी प्राणी पुढे पोलादी निघतो. लेखकाकडे 'कसा चमकतो'चं उत्तर तयार होतं. मजा गेली का? वाढली!

आणि मी एवढं ताणतोय, कारण इंजिनिअरच्या हातातली कल्पना कागदावर राहत नाही. १९९९ च्या सुमारास सिंगापूरच्या विद्यापीठात जेलीफिशचं जनुक झेब्राफिशमध्ये घातलं गेलं. झेब्राफिश मूळचा आपल्या उपखंडातलाच, गोड्या पाण्यातला. पाण्याचं प्रदूषण ओळखणारा मासा तयार करणं, हा हेतू. पण २००३ मध्ये असे मासे अमेरिकेत 'ग्लोफिश' म्हणून शोभेसाठी विकायला आले. कारण? भारी दिसतात! (अंधारात ते चमकत नाहीत. निळा किंवा अतिनील प्रकाश पडला की रंग उसळतो, इतकंच.) ब्राझीलमध्ये त्यांच्या विक्रीला बंदी, तरीही मत्स्यपालनाच्या तळ्यांतून ते निसटले. जंगलातल्या ओढ्यांमध्ये लाल आणि हिरवे मासे वर्षभर पिल्लं घालतायत, असं २०२२ मध्ये तिथल्या संशोधकांनी प्रसिद्ध केलं. त्यांना खाणारे मासे त्या ओढ्यांत फारसे नव्हते.