फिल्म दाखवून झाल्यावर



शिबिर ठरले की आपण फिल्म मागवतो. चर्चा रंगते, सतरंज्या गोळा होतात. पण ती फिल्म करणारी बाई पोट कशी भरते, हे मी इतक्या वर्षांत कधी विचारले नाही.

दीपा धनराज यांचे काम पुन्हा पाहताना हे बोचले. १९८० मध्ये त्यांनी सहकाऱ्यांसोबत ‘युगांतर’ हा फिल्मगट काढला. पुण्याच्या घरकामगार बायांवर ‘मोलकरीण’ (१९८१) आणि निपाणीच्या तंबाखू कामगार बायांवर ‘तंबाखू चाकीला ऊब आली’ (१९८२) या फिल्म त्या गटाने बायांसोबत बसून केल्या. पुढे ‘समथिंग लाइक अ वॉर’ने (१९९१) कुटुंबनियोजनाच्या नावाखाली बायांच्या शरीरावर होणारी सक्ती दाखवली. २०१८ मध्ये त्यांनी रोहित वेमुलानंतरच्या आंदोलनावर फिल्म केली.

या वाटेवर पगार नाही, फंड नाही. प्रत्येक फिल्मसाठी पैशाची जुळवाजुळव पुन्हा पहिल्यापासून. ‘युगांतर’च्या फिल्मना नवे आयुष्य मिळाले ते बर्लिनच्या ‘आर्सेनल’ या संस्थेत. लढा आपला, जतन मात्र परक्या देशात!

आपण मांडवाचे भाडे देतो, चहाचे पैसे देतो. फिल्म मात्र ‘चळवळीसाठी’ म्हणून फुकट मागतो. मीही मागितली आहे. घरातल्या बाईच्या कामाला मोल नाही म्हणून आपण भांडतो. मग या बाईच्या कामाचे काय?

पुढच्या शिबिराच्या खर्चात फिल्मचे मानधन आधी लिहू या. थोडे का होईना, पण लिहू या.